राबाउलच्या गाण्यात राख नसते

राबाउल, आमचं बेटावरचं बंदराचं शहर, मी उभं असं कधी पाहिलंच नाही. मी जन्मायच्या कितीतरी आधी ताव्हुर्वुर डोंगर फुटला आणि शहर राखेखाली गेलं. तरी मला डोळे बांधून तिथं सोडा, आ-फूकच्या दुकानापासून बेकरीपर्यंत मी न अडखळता जाईन. कारण ते सगळं गाण्यांत आहे. आमच्याकडं राबाउलची गाणी म्हणजे नुसतं 'किती गोड माझं गाव' असलं काही नसतं. मँगो ॲव्हेन्यूला लाग, उजव्या हाताला आ-फूक, त्याच्या पायरीवर लंगडा कुत्रा, पुढं सिनेमाचं थेटर, मग पावाचा वास. असं. शाळेत मी भूगोलात कधी पास झाले नाही, शेवटी शाळाच सोडली, पण या भूगोलात मला कुणी हरवून दाखवावं.

यातली निम्मीअधिक गाणी माझ्या मामाची. टोनुम त्याचं नाव, आईचा थोरला भाऊ. 'मामाची' म्हणायचं आपलं. मामा गाणी करत नाही, त्याला ती येतात. दिवसभर काही खायचं नाही, पाण्याला शिवायचं नाही, सुपारी चुन्याबरोबर चघळायची आणि भर दुपारी केळीच्या मागच्या झोपडीत जाऊन पडायचं. मग आमची मेलेली माणसं, ताबारान, झोपेत येऊन त्याला गाणं म्हणून दाखवतात. तो उठतो आणि पहिल्यांदा गिटार मागतो, मग पाणी. याचे दोनच नियम. गाणं जसं आलं तसं म्हणायचं, शब्द बदलायचा नाही. आणि आलेलं गाणं गिळून बसायचं नाही. बसलं तर ते आत कुजतं.

मी मामाच्या बँडमध्ये युकुलेली वाजवते. मुलीला कशाला घेतलं म्हणून बऱ्याच जणांचं पोट दुखलं. त्यातल्या एकाचं मी युकुलेलीनंच डोकं फोडलं, तेव्हापासून बोलत नाहीत.

एक गोष्ट मला लहानपणापासून खटकायची. मामाची इतकी गाणी, बाकीच्यांची इतकी, पण एकातही राख नाही. डोंगर आहे, पण लांब, निळा, शोभेचा. चाफा आहे, जेटी आहे, शनिवारचा बाजार आहे. शहर गाडलं गेलंय हे कुठंच नाही. मी मामाला विचारलं होतं, तर म्हणाला, "शोभत नाही गाण्यात." मला वाटलं, म्हाताऱ्यांचं आपलं रडगाणं, झालं ते मान्यच करायचं नाही.

शहर गेल्यावर आमच्या लोकांना सरकारनं आत डोंगराकडं, सिकुटला जमीन दिली. आम्ही तिथं राहतो. समुद्र दिसत नाही, ऐकूही येत नाही. यंदा डोंगर फुटल्याला तीस वर्षं होणार म्हणून राबाउलच्या मैदानावर कार्यक्रम होता आणि मामाच्या बँडला नवीन गाणं म्हणायचं होतं. त्याची तालीम आमच्याच अंगणात चालायची. आई चुलीपाशी बसून नारळ खवत होती.

"ए ताव्हुर्वुर, सूर लाव की," अपेलिस म्हणाला. हा आमचा बेसवाला, शेजारी राहतो. माझ्या रागावरनं त्यानं मला ते नाव पाडलंय.

"तुझ्या कानाखाली लावू?"

"निघाला धूर. पळा रे, गाव रिकामं करा."

"दोघं गप्प बसा," मामा म्हणाला. त्याचा आवाज नेहमीसारखा नव्हता. "हे नीट ऐका, मी एकदाच म्हणणार आहे."

आणि त्यानं सुरू केलं. मँगो ॲव्हेन्यू, आ-फूक, कुत्रा. थेटर. नेहमीचाच रस्ता. मग एकदम गाणं अशा ठिकाणी वळलं जिथं कुठलंच गाणं आधी वळलं नव्हतं.

बेकरीच्या मागल्या गल्लीत ये,
निळ्या पायऱ्यांचं घर आहे,
कंगवा कधीचा हातात धरलाय,
इमी, वेणी घालायला ये.

खवणीचा आवाज थांबला.

"ही इमी कोण?" अपेलिसनं विचारलं.

"मी," आई म्हणाली.

माझ्या आईचं नाव एडना. तिला कुणी इमी म्हणताना मी जन्मात ऐकलं नव्हतं. तिनं खोबऱ्याचे हात तसेच धरून सांगितलं, कुणाकडंही न बघता. तिला एक मोठी बहीण होती, टिनेट. ती बेकरीत कामाला होती. जमीन हलायला लागली त्या संध्याकाळी सगळे शहर सोडून निघाले, या दोघी हात धरून निघाल्या. कोपऱ्यावर टिनेट म्हणाली, इमी, तू हो पुढं, मी मालकाला चावी देऊन येते. आई रस्त्याच्या कडेला उभी राहिली. मग कुणीतरी तिला उचलून ट्रकमध्ये टाकलं. टिनेट सापडली नाही. इमी म्हणणारी ती एकटीच होती.

मामा मान खाली घालून तारा चाचपत होता.

"पण तिथं निळ्या पायऱ्यांचं घर नव्हतं," आई त्याला म्हणाली. "बेकरीच्या मागं मोकळी जागा होती. आम्ही तिथं कपडे वाळत घालायचो."

"तेव्हा नव्हतं," मामा म्हणाला. "आता असेल."

अपेलिसनं तोंडातली सुपारी चघळायची थांबवली.

"पुढचं कडवं?" आई म्हणाली.

"अजून आलं नाही."

"कधी येईल?"

"ते काय माझ्या हातात आहे का, एडना?"

त्या आठवड्यापासून आई दुपारी घरात दिसेना. विचारलं की म्हणायची कोकोपोला गेले होते, बाजारात. पण पिशवीत भाजी नसायची, नखांत राख असायची आणि लुगड्यासारखं गुंडाळलेल्या तिच्या कापडाला गंधकाचा वास यायचा, सडक्या अंड्यासारखा. कोकोपोच्या बाजारात गंधक विकत नाहीत. मला कुणी खोटं बोललं की डोक्यात जातं. मी एक दिवस तिच्या मागच्या गाडीत बसले.

राबाउलला उतरले तेव्हा ऊन डोक्यावर होतं. तिथं आता काय आहे तर काहीच नाही. राखेचे करडे चौकोन, त्यांवर माजलेलं गवत, मधेच कुठं वर न जाणारा जिना, मधेच चाफा. आई बरीच पुढं होती. मी हाक मारणार होते, पण मग तिचं चालणं बघितलं.

ती मोकळ्या रानात काटकोनात वळत होती. जिथं आ-फूक होता तिथं तिनं खाली बघून पाऊल थोडं बाजूनं टाकलं, पायरीवर कुणी झोपलेलं असावं तसं. थेटरापाशी अंग चोरून नसलेल्या भिंतीला टेकली, समोरनं गर्दी यावी तशी, आणि एकदा तर हसून मान हलवली. मी तिच्या मागनंच चालत होते. मलाही रस्ता पाठ, माझे पाय आपोआप तसेच वळत होते. आणि कोपऱ्यावर मला पावाचा वास आला. गरम, ताज्या पावाचा. मी स्वतःला जोरात चिमटा काढला, तेव्हा गेला.

बेकरीच्या मागं जमीन खचलेली आहे, गंधकाच्या ओढ्याच्या बाजूला. आमच्याकडं शेंबड्या पोरालाही माहिती असतं, असल्या खोलगटात उतरायचं नाही. वाफ दिसो न दिसो, तळाशी वायू साचलेला असतो, माणूस बसल्याजागी झोपल्यासारखा मरतो. काठावर एक मैना मरून पडली होती, चोच उघडी. आणि आई त्या खड्ड्यात उतरत होती. उतरत होती, पण पाय असे उचलत होती जसं कुणी पायऱ्या चढतं.

मी श्वास धरला, पळत गेले, तिच्या केसांना धरून ओढली. खरंच केसांना. दुसरं काही हातात आलं नाही. वर आणून आपटली तेव्हा आम्ही दोघी खोकत होतो आणि माझं डोकं फुटायला आलं होतं.

"काय चाललंय तुझं? मरायचंय का?"

"ओरडू नकोस गं. लोक बघतायत."

"कुठले लोक?"

तिनं आजूबाजूला बघितलं. मग हळूच म्हणाली, "दार बंद होतं. मी वाजवलं. ती आतनं म्हणाली, दाराचं कडवं अजून यायचंय, तेवढं आलं की उघडते."

"आई, ती मेलीय."

"मग काय झालं? माझी बहीणच आहे ना? मी हात सोडला होता तिचा, डेलमा. तिनं नाही सोडला, मी सोडला."

तिला घरी आणलं, अपेलिसच्या आईला तिच्याजवळ बसवलं आणि मी तडक मामाच्या झोपडीकडं गेले. मामा उंबऱ्यात बसला होता. तोंड लाल, हनुवटीवर लाल ओघळ. जवळ गेले तेव्हा कळलं, सुपारी नाही, हिरड्यांतनं रक्त येत होतं.

"दाराचं कडवं तुला आलंय," मी म्हटलं. "कधीचं आलंय."

त्यानं मान हलवली. "धरून ठेवलंय. ती माझी पण बहीण आहे, टिनेट काय आणि एडना काय. पण आता धरवत नाही. कार्यक्रमात म्हणावंच लागेल."

"नको म्हणूस."

"नाही म्हटलं तर मी मरेन."

"मग मर."

मामा हसला, दात सगळे लाल. "मेलो तर तिथनं गाईन. दुसऱ्या कुणाच्या तरी झोपेत. मग काय करशील, त्याचं पण डोकं फोडशील?"

मी खाली बसले. राग होताच, पण तो कुठं फेकावा कळत नव्हतं. "मला एक सांग. ती आईला घरी बोलावते. वेणी घालायला. तिला कळत नाही का, घर नाही, काही नाही? वर राख आहे पुरुषभर?"

मामानं हनुवटीवरचा ओघळ पुसला. मग म्हणाला, "नाही कळत. कुणालाच नाही कळत तिथं."

"म्हणजे?"

"म्हणजे त्यांना माहितीच नाही शहर गेलंय ते. ते आहेत तिथंच आहेत. दुकानं उघडतात, पाव भाजतात, नवीन घरं बांधतात. त्यांच्या गाण्यात राख येतच नाही, आणि आपण पहिल्यापासून ठरवलं, आपल्याकडनं ती घालायची नाही. गाणी तिकडनं येतात तशी तिकडं ऐकूही जातात. त्यांना वाटतंय शहर आहे, म्हणून ते शहरात आहेत. शहर नाही हे कळलं, तर कुठं राहतील ते?"

"मला काय करायचंय कुठं राहतील."

"तुला करायचंय," मामा म्हणाला. "माणसाला घर नसलं की तो नातेवाइकांकडं येतो."

मी उठले. मला तेव्हा एवढंच दिसत होतं की आई खड्ड्यात पायऱ्या चढतेय. बाकी कुणी कुठं येवो.

कार्यक्रम सकाळचा होता. मैदानावर मांडव, पाद्रीबाबांची प्रार्थना, मग साहेब लोकांची भाषणं, एकानं तर डोंगराचे आभार मानले, का ते त्यालाच माहीत. आई स्टेजच्या अगदी बाजूला उभी होती. ठेवणीतलं सैल ब्लाउज, डोक्यात चाफा. हातात कंगवा. आणि तोंड बेकरीच्या दिशेला. तिला बांधून ठेवलं असतं तर दावं तोडून आली असती. दोन दिवस तिनं माझ्याशी शब्द काढला नव्हता, पण मी स्टेजवर चढताना मात्र माझ्या गालाला हात लावला, प्रवासाला निघताना लावतात तसा.

गाणं सुरू झालं. मँगो ॲव्हेन्यू म्हटल्याबरोबर म्हाताऱ्या बाया डोळे पुसायला लागल्या. आ-फूक, कुत्रा, थेटर. प्रत्येक नावाला लोक हं, हं करत होते. गल्ली आली, पायऱ्या आल्या, कंगवा आला. आई मांडवाच्या बाहेर पडली, चालायला लागली. घाई नव्हती तिला. मामानं पुढच्या कडव्यासाठी तोंड उघडलं आणि त्याच्या ओठातनं रक्ताची धार शर्टावर आली.

मी त्याच्या पुढं झाले, माइक ओढला आणि माझं म्हटलं. चाल तीच. शब्द मी रात्रभर जुळवले नव्हते, आले तसे आले.

टिनेट, पायऱ्या नाहीत, घर नाही,
बेकरीवर राख पडली, छप्पर बसलं.
टिनेट, तू मेलीस, शहर मेलं,
इमी आता म्हातारी झाली.

माझ्या बाजूला मामाच्या गिटारचा सूर चुकला नाही. त्याचे हात चालूच राहिले, गाणं मधे सोडता येत नाही म्हणून. पण तो माझ्याकडं असा बघत होता की जणू मी त्याच्या घराला काडी लावलीय. समोर एका म्हातारीनं कान दाबून धरले. टाळी एकही वाजली नाही. अपेलिस मागनं पुटपुटला, "काय केलंस तू हे, डेलमा." त्यानं मला ताव्हुर्वुर म्हटलं नाही.

आई रस्त्याच्या मधे उभी होती. बेकरीकडं बघत होती, पण आता माणूस मोकळ्या माळाकडं बघतो तसं बघत होती. मग ती खाली बसली आणि लहान पोरीसारखी रडली. मला हायसं वाटलं. खोटं कशाला बोलू, मला फार बरं वाटलं.

मग कुत्री उठली. मैदानातली सगळी कुत्री एकदम उठून कडेला गेली, वाट दिल्यासारखी. वारा नव्हता. मांडवाचं कापड हललं नाही. पण रस्त्यावरची राख दबायला लागली. उडत नव्हती, दबत होती, पावलाएवढी, एक इथं, एक तिथं, मग सगळीकडं. थेटराकडनं, जेटीकडनं, गल्ल्यांमधनं. माझ्या दंडाला काहीतरी घासून गेलं आणि गरम पावाचा वास आला. सगळं एकाच बाजूला चाललं होतं, कोकोपोच्या गाड्या उभ्या राहतात तिकडं.

लोक कुणाशी न बोलता पांगले. आम्ही मिळेल त्या गाडीत बसलो. निम्मी सीटं रिकामी होती. ड्रायव्हरनं गाडी सुरू केली आणि लगेच बंद करून खाली उतरला.

"मागं कोण लटकलंय का रे? टायर बसलेत."

कंडक्टर पोरानं वाकून बघितलं. "कुणी नाही."

"टपावर?"

"कुणी नाही म्हटलं ना."

ड्रायव्हर परत चढला. चढावर गाडी पहिल्या गिअरच्या वर गेली नाही. आई खिडकीला डोकं लावून शांत बसली होती. माझ्या आणि तिच्या मधे एवढीशी जागा होती. मी तिच्याजवळ सरकायला गेले, तर सरकता आलं नाही.

मामाला त्यानंतर एकही गाणं आलं नाही. उपास करतो, सुपारी खातो, पडतो, उठतो, पाणी मागतो. हिरड्या मात्र बऱ्या झाल्या. आमच्या सिकुटमध्ये आता दुपारी कुणी दार उघडं टाकत नाही, तरी चुलीवरचं अन्न पुरत नाही. आणि लहान पोरं एक गाणं म्हणतात, त्यांना कुणी शिकवलेलं नाही. शाळेपासून लाग, मग पाण्याची टाकी, मग फणसाचं झाड, मग एक घर, मग अपेलिसचं घर, मग त्याच्या पुढचं घर. रोज एकेक घर वाढतं. कुणाच्या घराचं नाव आलं की त्या घरातली माणसं त्या दिवशी गप्प असतात.

आमच्या घराचं नाव पहिल्याच दिवशी आलं.

आई कुठं जात नाही. राबाउलचं नाव काढत नाही. सकाळी उठते, केळी उकडते, नारळाचं दूध काढते, गुणगुणते. तब्येत सुधारलीय तिची. मी तिला स्वयंपाकघरात हसताना ऐकलंय, आणि माझ्याबद्दल बोलताना, "चिडकी आहे गं, पण मनानं वाईट नाही." मग थोडा वेळ शांत. मग परत हसताना.

काल दुपारी मी माझ्या चटईवर पडायला गेले तर आई दारात आडवी आली.

"तू मामाकडं झोपत जा आता," ती म्हणाली.

"का? माझी जागा आहे ती."

"हळू बोल. आत्ताच डोळा लागलाय तिचा." आईचे डोळे इतके निवांत मी कधी पाहिले नव्हते. "तिला सवय नाही गं जमिनीवर झोपायची. आणि तू लाथा मारतेस झोपेत."

तिच्या खांद्यावरनं मला माझी चटई दिसत होती, रिकामी, आणि मधोमध दबलेली.

मी उशी मागितली. आई आत गेली, वाकली, कुणाचं तरी डोकं अलगद उचलावं तसा हात केला आणि उशी ओढून माझ्या हातात दिली. ती गरम होती.